काळ्या दगडाचे माहेर

एका दिवसात अख्खे बेट दाखवून दिवेलागणीला आपल्याला हॉटेलच्या दाराशी सुखरूप आणून सोडणारी एक जमात जगात आहे. पूर्वी आपण तिला वाटाड्या म्हणत असू, हल्ली गाइड म्हणतो. शहाणीसुरती प्रवासी मंडळी या जमातीच्या नावाने नाके मुरडतात. 'असे धावतपळत काय दिसणार?' हा त्यांचा ठरलेला प्रश्न. माझे मत जरा निराळे आहे. मी कॉलेजात मराठी शिकवते. एका ओवीवर तीन तास घालवायचे आणि उरलेले सातशे वर्षांचे वाङ्मय परीक्षेच्या आधीच्या आठवड्यात उरकायचे, हे दोन्ही प्रकार आमच्या धंद्यात चालतात. आणि दुसऱ्या प्रकारात अगदीच काही हाती लागत नाही, असे नाही. घाईत खोल दिसत नाही, हे खरे. पण घाईत दूरदूरच्या गोष्टी मांडीला मांडी लावून बसतात, आणि एकदा बसल्या की आपसांत बोलू लागतात.

मॉरिशसचा एका दिवसाचा 'दक्षिण दौरा' मी केला, त्याचे सारे श्रेय भिशीला. स्टाफरूममधल्या आम्ही चौघींनी नेटाने पाच वर्षे भिशी चालवली आणि सोने न घेता विमानाची तिकिटे घेतली. (घरोघरी यावर काय बोलणी झाली, ते इथे सांगत नाही.) मुंबईहून विमान सहासात तासांत तिथे पोहोचते. घड्याळ दीड तास मागे करायचे, आणि ऋतू मात्र सहा महिने फिरवायचा; कारण बेट विषुववृत्ताच्या दक्षिणेला. आपल्याकडे वैशाख पेटलेला, तर तिकडे हिवाळ्याची चाहूल. आमच्यातल्या भूगोलाच्या बाईंनी स्वेटर घ्या म्हणून बजावले होते. अर्थशास्त्राच्या बाईंनी वजनाचा हिशेब करून तो घेतला नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठ वाजता छोटी बस दाराशी आली, तेव्हा दोन्ही शास्त्रांचा निकाल लागायचा होता.

गाइड साठीकडे झुकलेला, काळासावळा, डोक्यावर कापडी टोपी. गाडीत एक फ्रेंच जोडपे होते. त्यांच्याशी तो फ्रेंचमध्ये, आमच्याशी इंग्रजीत आणि फोनवर घरच्यांशी तिथल्या क्रिओल भाषेत, असा तीन गाड्या एका रुळावरून चालवत होता. आम्ही महाराष्ट्रातल्या, हे कळल्यावर त्याचा चेहरा एकदम उजळला. 'मीही मराठी आहे!' तो म्हणाला. म्हणाला मात्र इंग्रजीत. आणि तिथेच त्याचे मराठी संपले. किंवा नीट सांगायचे तर ते सुरूच झाले नाही. अर्थशास्त्राच्या बाईंनी माझ्याकडे पाहून हळूच 'अरेरे' म्हटले.

आमचा पहिला मुक्काम क्यूरपीप गावातला 'त्रू-ओ-सेर'. नावाचा अर्थ हरणांचा खड्डा. ही हरणेसुद्धा परदेशीच. डच लोकांनी ती १६३९ मध्ये जावाहून आणली. खड्डा म्हणजे ज्वालामुखीचे मुख. समुद्रसपाटीपासून ६०५ मीटर उंचीवर, गावातल्या बंगल्यांच्या ओळी संपल्या की अचानक जमीन आत वळते आणि ८० मीटर खोल, गोल, हिरवीगार वाटी दिसते. तळाशी थोडे पाणी, उतारावर दाट झाडी. ज्वालामुखी म्हणजे धूर, लाव्हा, गंधकाचा वास, अशा तयारीने आलेल्या माणसाला तिथे कठड्याभोवती सकाळचे फिरायला आलेले पेन्शनर भेटतात. या बेटावर गेल्या पंचवीसएक हजार वर्षांत उद्रेक झालेला नाही, त्यामुळे पेन्शनरांनी घाबरण्याचे कारण नाही. धुके मात्र गारठून टाकणारे होते. अर्थशास्त्र हरले, भूगोल जिंकला, आणि जिंकलेल्या पक्षाने व्याख्यान सुरू केले.

ते व्याख्यान मी इथे देते, कारण पुढचे सारे त्यावर उभे आहे. शिवणयंत्र आठवा. सुई जागच्या जागी वरखाली होते, सरकते ते कापड. आणि कापडावर टाक्यांची रांग उमटत जाते. पृथ्वीच्या पोटात काही ठिकाणी अशीच एकेक धगधगती सुई आहे आणि वरून भूकवचाचे कापड सरकते आहे. हिंदी महासागरातल्या अशा एका सुईवरून साडेसहा कोटी वर्षांपूर्वी आपला भारत उत्तरेकडे सरकत होता. त्या वेळी पडलेला टाका फार मोठा होता. लाव्हाचे थरावर थर साचत गेले आणि त्यातून दख्खनचे पठार झाले. सह्याद्री, अजिंठा-वेरूळचे कडे, रायगड-राजगड, आपल्या वाड्यांची जोती, पाटे-वरवंटे, सारे त्या एका टाक्यातले. भारत पुढे गेला, सुई चालू राहिली. लक्षद्वीप, मालदीव, चागोस हे पुढचे टाके. त्यानंतर, सुमारे ऐंशी लाख वर्षांपूर्वी, मॉरिशस समुद्रातून वर आले. आणि आज ती सुई तिथून सव्वादोनशे किलोमीटरवरच्या रेयुनियाँ या फ्रेंच बेटाखाली आहे. तिथला ज्वालामुखी अजून जागा आहे.

'म्हणजे,' हिंदीच्या बाई म्हणाल्या, 'सह्याद्रीचे माहेर इथे.'

'इथे म्हणजे शेजारच्या आळीत,' भूगोलाच्या बाईंनी दुरुस्ती केली.

मी कठड्याच्या दगडावर हात ठेवला. काळा, खरखरीत, भोकाभोकांचा. आमच्या गावच्या विहिरीच्या काठाचा दगड असाच आहे. समोर, धुके विरले तसे, बेटाच्या कडेने उभे असलेले सुळके दिसू लागले. जुन्या, खचलेल्या महाज्वालामुखीच्या काठाचे ते अवशेष. नाशकाकडून मनमाडला जाताना खिडकीतून दिसतात ना, तसेच आकार. फक्त खाली कांद्याऐवजी ऊस.

तिथून 'ग्रां बासँ' हे सरोवर. तेही ज्वालामुखीच्या मुखात साचलेले पाणी. १८९७ मध्ये उत्तरेकडच्या त्रिओले गावातल्या एका पुजाऱ्याला या तळ्यात गंगा असल्याचे स्वप्न पडले. पुढच्याच वर्षी लोक पायी निघाले, आणि बारातेरा लाख वस्तीच्या या देशात आज महाशिवरात्रीला लाखो माणसे कावडी घेऊन, बेटाच्या चारी टोकांकडून, कुणी दोनदोन दिवस चालत इथे येतात. वाटेवर पाणी नि खाणे देणाऱ्यांची रांग असते. वारी पाहिलेल्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. १९७२ मध्ये गोमुखाचे पाणी आणून या तळ्यात ओतले गेले आणि ते 'गंगा तलाव' झाले. काठावर १०८ फुटांचा शंकर उभा आहे. तो बडोद्याच्या सूरसागरातल्या शंकराच्या नमुन्यावरून घडवलेला, २००७ सालचा. गंगा हिमालयाची, शंकर बडोद्याचा, तळे ज्वालामुखीचे आणि प्रसादावर डोळा ठेवून बसलेली माकडेही बाहेरून आणलेल्या जातीची. या बेटावर मूळचे असे काय, हा प्रश्न तिथे पडतो. डोडो नावाचा पक्षी मूळचा होता. माणूस आल्यावर शंभरेक वर्षांत तो संपला. मूळची वस्तीच नसलेले हे बेट. इथे जो तो आणलेला, नाहीतर आलेला.

गाइडला मी विचारले, 'तुमचे कोण आले?'

त्याने खिशातून पाकीट काढले आणि पाकिटातून घडी घातलेला कागद. मोका गावात महात्मा गांधी संस्था आहे. भारत आणि मॉरिशस या दोन देशांनी मिळून १९७० मध्ये उभारलेली. मजुरांच्या नोंदींची जुनी दप्तरे तिथे जपून ठेवली आहेत. त्यांतल्या त्याच्या खापरपणज्याच्या नोंदीची ही नक्कल. एक क्रमांक, जहाजाचे नाव, वय, उंची, बंदर मुंबई, जिल्हा रत्नागिरी. गावाचे नाव इंग्रज कारकुनाने कानाला जसे लागले तसे लिहिलेले. आम्ही चौघींनी ते चार तऱ्हांनी वाचले आणि चार निरनिराळी गावे निघाली. आणि त्या खापरपणज्याचे नुसते नाव, ज्या नावाने त्याची आई त्याला हाक मारत असेल ते, आज या गाइडचे आडनाव आहे. बेटावर असे पुष्कळांचे आहे.

इतिहास थोडक्यात असा. गुलामगिरी १ फेब्रुवारी १८३५ रोजी इथे बंद झाली. उसाला हात तर हवेत. म्हणून त्याआधीच, नोव्हेंबर १८३४ पासून, हिंदुस्थानातून करारावर मजूर आणण्याचा प्रयोग सरकारने सुरू केला होता. विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत साडेचार लाखांवर माणसे आली. बहुतेक बिहारकडची, पुष्कळशी तमिळ आणि तेलुगू मुलखातली, आणि मुंबई बंदरातून आलेली थोडी आपली. पाच वर्षांचा करार, महिना पाच रुपये आणि शिधा. एक दिवस खाडा झाला की दोन दिवसांची मजुरी कापली जाई. पोर्ट लुई बंदरात ज्या सोळा पायऱ्या चढून ही माणसे बेटावर आली, त्या 'आप्रवासी घाट' म्हणून २००६ पासून जागतिक वारशात आहेत.

दुपारी आम्ही ढोलपुरी खाल्ली. ढोल म्हणजे डाळ. गूळ न घातलेली पुरणपोळी डोळ्यांसमोर आणा. तीत पावट्याच्या जातीच्या दाण्यांची रस्साभाजी आणि लोणचे. फ्रेंच जोडप्याने ती सुरीकाट्याने खाण्याचा यत्न केला आणि मग आमच्याकडे पाहून सोडून दिला.

त्यानंतर शामारेल. छापील पत्रकावर चित्र असते ते याचे. सात रंगांची माती! जंगलातल्या एका उघड्या उतारावर लाल, तपकिरी, पिवळसर, जांभळे, निळसर असे मातीचे उंचवटे. जणू कुणी गुलालाच्या नि बुक्क्याच्या राशी ओतल्या आहेत. भोवती लाकडी कुंपण, कुंपणाभोवती आम्ही. त्या मातीवर झाड उगवत नाही. रंग मिसळले तरी पुन्हा वेगळे होतात, असे गाइडने सांगितले. तशी माती काचेच्या नळीत घालून विकायलाही ठेवली होती. कारण विचाराल तर साधे आहे. ऊन आणि पाऊस काळ्या दगडावर हजारो वर्षे काम करतात. त्यातले विरघळण्यासारखे सारे धुऊन जाते आणि मागे उरतात लोहाचे नि ॲल्युमिनियमचे ऑक्साइड. लोहाने लाल-तपकिरी, ॲल्युमिनियमने निळे-जांभळे. आपल्या कोकणात याच रीतीने जांभा तयार झाला. तिकडे त्याचे चिरे काढून आपण घरे बांधतो. इथे त्याला कुंपण घालून तिकीट लावले आहे, इतकाच फरक.

अर्थशास्त्राच्या बाईंनी फोटो काढता काढता विषय काढला. 'बिचाऱ्यांची भाषा पार गेली हो. पाच पिढ्यांत सगळे धुऊन गेले.'

गाइडला शब्द कळले नसावेत, सूर कळला. तो म्हणाला, 'माझी आजी मराठी बोलायची. मला बोलता येत नाही, पण आरत्या सगळ्या येतात. गणपतीत आमची जाखडी असते, तिची गाणी येतात.' आणि तिथे, सात रंगांच्या मातीसमोर, त्याने पायाने ठेका धरून जाखडीच्या एका गाण्याची चाल गुणगुणली. शब्द अर्धे झिजलेले, ठेका मात्र अस्सल. रत्नागिरीच्या एखाद्या वाडीत रात्री बारा वाजता तो ऐकला असता, तर परदेशी म्हणून कुणी मान वळवून पाहिले नसते. गणेशचतुर्थीला या देशात सार्वजनिक सुटी असते, हेही त्याने अभिमानाने सांगितले.

मग तो जरा घुटमळला. 'मॅडम, तुम्ही मराठीच्या प्रोफेसर. एक विचारू?' बेटावर शाळेत मराठी शिकता येते. त्याची नात शिकते, चांगले गुण मिळवते. घरात त्याच्या आजीचे मोजके शब्द अजून वापरात आहेत. भात वाढताना 'वाईच घे' म्हणतात, मुले धावू लागली की 'वाईच थांब' म्हणतात. परवा नात म्हणाली, आजोबा, 'वाईच' असा शब्द नाही. पुस्तकात 'थोडे' असा आहे. 'तेव्हापासून,' तो म्हणाला, 'घरात कुणी तो शब्द म्हणत नाही. बरोबर कोणता?'

वाचकहो, बावीस वर्षांच्या नोकरीत मला पुष्कळ प्रश्न विचारले गेले आहेत. विद्यार्थ्यांनी विचारले आहेत, विद्यापीठाच्या समित्यांनी विचारले आहेत. पण उत्तर ऐकायला जीव कानांत गोळा करून उभा राहिलेला माणूस मी पहिल्यांदाच पाहत होते. मी त्याला म्हटले, 'दोन्ही बरोबर. फरक इतकाच की, "थोडे" विमानाने आले आणि "वाईच" जहाजाने आले. "थोडे" पुस्तकात आहे, ते कुठे जात नाही. "वाईच" तुमच्या घरात आहे. तुम्ही म्हणायचे थांबलात, तर या बेटावरून ते डोडोसारखे जाईल.'

'हे लिहून द्या,' तो म्हणाला. 'नात माझे ऐकणार नाही.'

सहलीच्या पत्रकाच्या कोऱ्या बाजूवर मी ठळक देवनागरीत लिहिले: 'वाईच हा शब्द मराठी आहे, शुद्ध आहे आणि जुना आहे.' खाली सही केली, आणि सहीखाली 'एम. ए.' असेही लिहिले. त्या पदवीचा इतका थेट उपयोग मला क्वचितच करता आला आहे. कागद त्याने खापरपणज्याच्या नोंदीत घडी करून ठेवला.

परतीची वाट पश्चिम किनाऱ्याने होती. डावीकडे समुद्रात घुसलेला ल मोर्न हा ५५६ मीटरचा डोंगर लागला. मालकांकडून पळालेले गुलाम त्याच्या कड्याकपारींत लपत. मुक्ती झाल्याचे सांगायला आलेले शिपाई पकडायला आले असे वाटून त्यांनी कड्यावरून उड्या टाकल्या, अशी कथा लोक सांगतात. गाडीत कुणी बोलले नाही. फ्रेंच बाईंनी कॅमेरा खाली ठेवला.

आणि मग ऊस. मैलोगणती ऊस, नुकते तुरे फुटू लागलेले, उतरत्या उन्हात चंदेरी. आणि त्या उसात जागोजाग, गढीच्या बुरुजासारखे रचलेले काळ्या दगडांचे ढीग. पत्रकात यांचे नाव नव्हते. गाडीही थांबायची नव्हती; पण मी विचारले, आणि गाइडने ती थांबवली.

सारे बेट लाव्हाच्या दगडांनी भरलेले होते. ऊस लावायचा तर आधी रान मोकळे करायला हवे. गुलामांनी, आणि त्यांच्यामागून आलेल्या मजुरांनी, ते दगड हातांनी उचलले, डोक्यावरून वाहिले आणि शेताच्या मध्येमध्ये रचले. नुसते फेकले नाहीत; रचले, सांधे जुळवून. हिंदुस्थानात भरती करणारे दलाल सांगत, मॉरिशसला दगड उलटला की खाली सोने सापडते. ही गोष्ट बेटावर प्रत्येक घरात माहीत आहे. दगड तर सारे उलटून झाले. खाली मातीच निघाली. सोने झाले ते उसाचे, आणि ते दुसऱ्याच्या पेढीवर जमा झाले.

मी त्या ढिगाजवळ उभी होते आणि मला तो रत्नागिरीचा खापरपणजा दिसत होता. जहाजातून उतरून आठवडे लोटलेले. भोवतीची माणसे भोजपुरी, तमिळ, क्रिओल बोलणारी. मुकादमाची भाषा निराळी, मालकाची त्याहून निराळी. ओळखीचे काही नाही. आणि पहाटे शेतावर नेल्यावर त्याने पहिला दगड उचलला असेल, तेव्हा त्याच्या हाताला काय कळले असेल? जांभ्याखाली, नदीच्या पात्रात, घाटाच्या वाटेवर जो काळा कातळ तो लहानपणापासून पाहत आला, तोच हा. भूगोल त्याला कुणी शिकवला नव्हता. पण एकाच चुलीतून निघालेल्या दोन भाकरींपैकी एक सोडून दुसरीपाशी तो आला होता, आणि भाकरीची ओळख हाताला असतेच.

'पार गेली हो भाषा' याला मी शामारेलला उत्तर दिले नव्हते, ते इथे देते. कातळ झिजतो तेव्हा सगळाच जात नाही. विरघळणारे जाते: क्रियापदे जातात, व्याकरण जाते, लांबलचक वाक्ये जातात. मागे जे उरते ते पावसाला न हरलेले असते. महिना पाच रुपयांत, खाडा झाला तर दुप्पट कापून घेणाऱ्या मालकाच्या रानात, ज्यांना पाटी मिळाली नाही नि पंतोजी मिळाला नाही, त्या माणसांनी पाच पिढ्या एक आरती, एक ठेका आणि भात वाढण्यापुरता एक शब्द राखला. इकडे आपल्याला कुणी जहाजात घातलेले नाही. घरात कोश आहेत, दारात ग्रंथालय आहे आणि दर दिवाळीला अंकांचे गठ्ठे येतात. तरी जेवणाच्या पानावर आजीचे किती शब्द उरले आहेत, ते ज्याने त्याने मोजून पाहावे. माझे मी मोजले. आकडा सांगत नाही.

संध्याकाळी हॉटेलच्या दाराशी गाइडने आमच्यासाठी गाडीचे दार उघडले, फ्रेंच मंडळींना फ्रेंचमध्ये निरोप दिला आणि माझ्याकडे वळून म्हणाला, 'बाय!'

खोलीत पोहोचेपर्यंत आमचा वाद चालला होता. अर्थशास्त्राच्या बाईंच्या मते तो इंग्रजी शब्द होता. कोकणात थोरामोठ्यांनी लेकीबाळींना 'बाय' म्हणण्याची जुनी रीत आहे. माझ्या कानांनी ऐकले ते रत्नागिरीचे होते.